गिरणगावची मुलगी लाल बाकांवर : बेट्टी बूथरॉइड आणि ब्रिटनची उमराव सभा

मराठीत कोणी उगाच ऐट करू लागला की "मोठा लाटसाहेब लागून गेलास का?" असे विचारतात. त्यातला 'लाट' म्हणजे मूळचा 'लॉर्ड'. कर्झन, विलिंग्डन, लिनलिथगो अशा नावांमुळे लॉर्ड म्हटले की पिढीजात जहागिरी, वाडे आणि जन्मापासून मिळालेला मान हेच आपल्या डोळ्यांपुढे येते. हे चित्र तेव्हाही पुरते खरे नव्हते. सांगलीच्या महाविद्यालयाला ज्यांचे नाव आहे ते लॉर्ड विलिंग्डन हे आधी लिबरल पक्षाचे निवडून आलेले खासदार होते. १९१० साली त्यांना बॅरन करण्यात आले आणि १९१३ मध्ये ते मुंबईचे गव्हर्नर म्हणून इकडे आले. म्हणजे राजकारणी माणसाला उमराव करण्याची ब्रिटिश रीत जुनीच आहे. बदलला आहे तो उमराव होण्याचा अर्थ. तो समजून घेण्यासाठी बेट्टी बूथरॉइड यांच्या आयुष्याइतके सोयीचे उदाहरण मला दुसरे दिसत नाही. लोकरीच्या गिरणीत राबणाऱ्या जोडप्याची ही एकुलती एक मुलगी. ती सतराव्या-अठराव्या वर्षी रंगमंचावर नर्तकींच्या ओळीत पाय उंचावत नाचत होती, ४३व्या वर्षी खासदार झाली, ६२व्या वर्षी ब्रिटिश लोकसभेची पहिली स्त्री अध्यक्ष झाली आणि २००१ मध्ये 'बॅरोनेस बूथरॉइड ऑफ सँडवेल' या नावाने उमराव सभेत जाऊन बसली. मुख्य कोडे पुढेच आहे. निवडणुकीच्या राजकारणात चार वेळा पडून पाचव्यांदा उठलेल्या या बाईंनी आयुष्याच्या शेवटच्या टप्प्यात आग्रहाने मांडले की उमराव सभा निवडणुकीने भरू नये. हा विरोधाभास आहे की नाही, हे ठरवण्याआधी दोन्ही सभागृहे नीट पाहायला हवीत.

ब्रिटनच्या संसदेचे कनिष्ठ सभागृह म्हणजे हाउस ऑफ कॉमन्स. त्याची बाके हिरवी आहेत आणि तिथे फक्त निवडून आलेले लोक बसतात. वरिष्ठ सभागृह म्हणजे हाउस ऑफ लॉर्ड्स, म्हणजेच उमराव सभा. तिची बाके लाल आहेत आणि तिथे जनतेने निवडून दिलेले कोणीही बसत नाही. १९५८ पर्यंत तिथले बहुतेक सभासद वंशपरंपरागत उमराव होते, म्हणजे बापाची पदवी आणि तिच्याबरोबर संसदेतली जागा थोरल्या मुलाकडे जात असे. त्यांच्या जोडीला इंग्लंडच्या चर्चचे २६ बिशप आणि मोजके न्यायाधीश असत. स्त्रियांना तर तिथे प्रवेशच नव्हता. १९५८ मध्ये हॅरॉल्ड मॅकमिलन यांच्या सरकारने तहहयात उमरावांचा कायदा केला. त्यामुळे एखाद्या व्यक्तीला तिच्या हयातीपुरते उमराव करता येऊ लागले, पदवी मुलाबाळांकडे जाण्याचा प्रश्न उरला नाही आणि स्त्रियांनाही दार उघडले. त्या वर्षीच्या ऑक्टोबरात ज्या पहिल्या स्त्रिया उमराव सभेत बसल्या, त्यांच्यात १९२१ ते १९२६ या काळात भारताचे व्हाइसरॉय असलेल्या लॉर्ड रीडिंग यांच्या पत्नी स्टेला याही होत्या. मुंबईच्या रुइया महाविद्यालयात शिकलेले अर्थतज्ज्ञ मेघनाद देसाई १९९१ मध्ये लॉर्ड देसाई झाले ते याच कायद्याच्या वाटेने. बूथरॉइड यांची वाटही तीच होती.

त्यांचा जन्म ८ ऑक्टोबर १९२९ रोजी यॉर्कशरमधील ड्यूजबरी या गावी झाला. ड्यूजबरी आणि शेजारचे बॅटली ही दोन गावे एका विशिष्ट धंद्यासाठी प्रसिद्ध होती. जुन्या लोकरी चिंध्या गोळा करायच्या, त्या यंत्रात पिंजून पुन्हा धागा करायचा आणि त्यापासून जाड, स्वस्त कापड विणायचे. सैनिकांच्या कोटांना आणि कांबळ्यांना हेच कापड लागे. वडील आर्चिबाल्ड आणि आई मेरी दोघेही याच धंद्यात, दोघेही कामगार संघटनेत आणि मजूर पक्षात. मंदीच्या त्या वर्षांत वडिलांना वरचेवर घरी बसावे लागे आणि आईला मात्र काम मिळत राही. कारण साधे होते: बाईची मजुरी पुरुषापेक्षा कमी असल्यामुळे गिरणीमालकाला ती परवडत असे. घरात चूल पेटत होती ती बाईला मिळणाऱ्या कमी मजुरीमुळे. हा हिशेब मुलीने लहानपणीच पाहिला होता. शनिवार-रविवारी आई तिला पक्षाच्या महिला मेळाव्यांना घेऊन जाई, आणि तिथे भाषणे, घोषणा आणि चहा-सँडविच यांच्यामध्ये तिचे राजकारणाचे पहिले शिक्षण झाले.

मधला नृत्याचा अध्याय छोटाच आहे, पण त्यांच्याविषयी लिहिणारा कोणीही तो सोडत नाही. टिलर गर्ल्स या नावाने ओळखल्या जाणाऱ्या नर्तकींच्या ताफ्यात त्या दाखल झाल्या, लंडनच्या पॅलेडियम या नामांकित नाट्यगृहात नाचल्या, आणि पायाला झालेल्या संसर्गामुळे काही काळातच ते सगळे संपले. वडिलांना हा प्रकार पसंत नव्हता, आई मुलीच्या बाजूने होती. पुढे अध्यक्षपदाच्या खुर्चीतून शेकडो आरडाओरडा करणाऱ्या खासदारांना आवरताना जो खणखणीत आवाज आणि रंगमंचावर वावरण्याची जी सहजता दिसली, तिचे श्रेय वर्तमानपत्रांनी नेहमी या नृत्याला दिले. मला त्यापेक्षा पुढे वर्षानुवर्षे केलेल्या कारकुनी कामाचा वाटा मोठा वाटतो.

हे काम म्हणजे खासदारांची सचिव म्हणून केलेली नोकरी. बार्बरा कॅसल आणि जेफ्री डी फ्रेटस या मजूर पक्षाच्या खासदारांकडे त्यांनी पत्रव्यवहार, कागदपत्रे, मतदारांच्या तक्रारी असे सगळे सांभाळले. १९६०च्या सुमारास त्या अमेरिकेत गेल्या, केनेडींचा प्रचार जवळून पाहिला आणि वॉशिंग्टनमध्ये एका रिपब्लिकन काँग्रेस सदस्याच्या कार्यालयात काही काळ काम केले. परतल्यावर हॅरी वॉल्स्टन या तहहयात उमरावाच्या त्या सचिव झाल्या. म्हणजे स्वतः उमराव होण्याच्या चाळीस वर्षे आधीच उमरावाची टपाले त्यांच्या हातून जात होती. संसदेचे नियम पुस्तकात वाचणे वेगळे आणि कोणता प्रश्न कोणत्या दिवशी, कोणत्या टेबलावर, किती वाजेपर्यंत द्यावा लागतो हे रोज करून शिकणे वेगळे.

याच काळात त्या स्वतः निवडणुका लढवत होत्या आणि हरत होत्या. १९५७ मध्ये लेस्टर साउथ ईस्टच्या पोटनिवडणुकीत, १९५९ मध्ये पीटरबरोमध्ये, १९६८ मध्ये नेल्सन अँड कोल्नच्या पोटनिवडणुकीत आणि १९७० मध्ये रॉसेन्डेलमध्ये. यातला १९६८चा पराभव अधिक झोंबणारा असणार, कारण ती जागा मजूर पक्षाकडे होती. फाशीची शिक्षा रद्द करण्यासाठी झटलेले सिडनी सिल्व्हरमन यांच्या निधनाने ती रिकामी झाली होती आणि बूथरॉइड यांच्या हातून ती हुजूर पक्षाच्या डेव्हिड वॉडिंग्टन यांच्याकडे गेली. वॉडिंग्टन पुढे गृहमंत्री झाले, मग उमराव सभेत गेले. बूथरॉइड २००१ मध्ये तिथे पोचल्या तेव्हा ३३ वर्षांपूर्वी त्यांना हरवणारा माणूस त्याच सभागृहाचा सभासद होता, आणि ज्यांच्यासाठी त्यांनी एके काळी पत्रे टंकली त्या बार्बरा कॅसलही १९९० पासून तिथेच होत्या. ब्रिटिश राजकारणातली जुनी मंडळी अखेर कुठे एकत्र येतात, हे यावरून कळते.

मे १९७३ मध्ये वेस्ट ब्रॉमिचची पोटनिवडणूक आली आणि त्यांनी ती ८ हजारांहून अधिक मतांनी जिंकली. बर्मिंगहॅमच्या शेजारचा हा ओतकामाचे कारखाने आणि भट्ट्यांचा प्रदेश, आणि तिथे भारतातून गेलेल्या कामगारांची, विशेषतः पंजाबी कुटुंबांची, मोठी वस्ती होती. स्थलांतरितांना हाकलून द्या म्हणणाऱ्या नॅशनल फ्रंटच्या उमेदवाराने या निवडणुकीत १६ टक्के मते घेतली. ड्यूजबरीच्या मजूरकन्येला पहिला विजय मिळाला तो अशा विखारी वातावरणात. त्यानंतर त्या वेस्ट ब्रॉमिच वेस्ट या मतदारसंघातून सतत निवडून येत राहिल्या, काही काळ सरकार पक्षाच्या उपप्रतोद होत्या, १९७५ ते १९७७ युरोपीय संसदेत होत्या, ऐंशीच्या दशकात मजूर पक्षाच्या कार्यकारिणीत राहून पक्षातल्या कडव्या डाव्या गटाशी झुंजल्या. मंत्रिपद मात्र त्यांना कधी मिळाले नाही.

१९८७ मध्ये त्या कॉमन्सच्या उपाध्यक्ष झाल्या. स्त्री उपाध्यक्षाला काय म्हणून हाक मारायची, असा प्रश्न एका खासदाराने विचारला, तेव्हा "मला मॅडम म्हणा" असे त्यांनी तिथल्या तिथे सांगून टाकले. २७ एप्रिल १९९२ रोजी अध्यक्षपदाची निवडणूक झाली. नुकत्याच झालेल्या सार्वत्रिक निवडणुकीत जॉन मेजर यांचा हुजूर पक्ष बहुमताने परतला होता, तरी सभागृहाने ३७२ विरुद्ध २३८ मतांनी विरोधी पक्षाच्या बूथरॉइड यांना निवडले. त्यांचे नाव सुचवणारे जॉन बिफन हेही हुजूर पक्षाचेच होते. मी जन्माने कोण आहे यावरून नव्हे, तर मी जी आहे तिच्याकडे पाहून मत द्या, अशा अर्थाचे त्यांचे त्या दिवशीचे वाक्य पुढे पुष्कळदा उद्धृत झाले. ज्या सभागृहात टाळ्या वाजवण्याची रीत नाही तिथे टाळ्या वाजल्या. परंपरेप्रमाणे नव्या अध्यक्षाला दोन खासदार हाताला धरून, तो नको नको म्हणत असताना, खुर्चीकडे ओढत नेतात. मध्ययुगात राजाला अप्रिय निरोप पोचवणाऱ्या काही अध्यक्षांची मुंडकी उडाली होती, त्याची ही नाटकी आठवण. बूथरॉइड यांनी बाकी परंपरा पाळल्या, पण डोक्यावरचा केसांचा पांढरा टोप नाकारला. आधीचे अध्यक्ष परंपरेने तो घालत आले होते.

ब्रिटिश अध्यक्षपद आपल्यापेक्षा नेमके कुठे वेगळे आहे, हे सांगणे आवश्यक आहे, कारण पुढचा सगळा युक्तिवाद त्यावर उभा आहे. तिथे अध्यक्ष झाला की माणूस आपल्या पक्षाचा राजीनामा देतो आणि पुन्हा कधीही त्या पक्षात परतत नाही. तो पक्षाच्या मित्रांबरोबर संसदेच्या भोजनगृहात जेवतही नाही. पुढची निवडणूक तो 'अध्यक्ष, पुनर्निवडीसाठी' अशा नावाने लढतो आणि मोठे पक्ष त्याच्याविरुद्ध उमेदवार देत नाहीत. बूथरॉइड यांनी १९९७ची निवडणूक अशीच लढवली. आपल्याकडे त्याच वर्षांत, १९९१ ते १९९६, लातूरचे शिवराज पाटील लोकसभेचे अध्यक्ष होते. त्यांनीही पद निःपक्षपणे चालवले, पण अध्यक्षाने पक्ष सोडावा असा संकेत आपल्याकडे रुजला नाही. १९६७ मध्ये नीलम संजीव रेड्डी यांनी काँग्रेस सोडली होती, त्या उदाहरणाचे अनुकरण फारसे झाले नाही.

रोज कामकाज सुरू होण्याआधी अध्यक्षांची मिरवणूक मधल्या अष्टकोनी दालनातून सभागृहाकडे निघते. पुढे काळ्या पोशाखातला द्वारपाल, मग खांद्यावर सोनेरी राजदंड घेतलेला अधिकारी, मागे लांब काळा झगा घातलेल्या अध्यक्ष. दालनातला पोलिस अधिकारी मोठ्याने "टोप्या काढा!" असे ओरडतो आणि पोलिस स्वतःची शिरस्त्राणे उतरवतात. एके काळी टंकलेखन करणारी बाई साडेआठ वर्षे या मिरवणुकीतून चालत गेली. आत गेल्यावर काम मात्र मिरवणुकीसारखे शांत नसे. पंतप्रधानांच्या प्रश्नोत्तरांचा वेळ संपला की त्या "वेळ संपली!" असे ठणकावत, आणि तेच त्यांचे ओळखवाक्य झाले. आपल्याच जुन्या पक्षाच्या डेनिस स्किनर यांनी एका मंत्र्याविषयी वापरलेला शब्द मागे घेण्यास नकार दिला, तेव्हा त्यांनी त्यांना सभागृहाबाहेर घालवले.

निःपक्षपणाची खरी कसोटी २२ जुलै १९९३च्या रात्री लागली. युरोपीय संघाच्या मास्ट्रिख्ट करारातला कामगारांच्या हक्कांविषयीचा भाग ब्रिटनने स्वीकारावा, अशी मजूर पक्षाची दुरुस्ती मतास आली होती. कॉमन्समध्ये मतदान बटण दाबून होत नाही. बाजूने असलेले एका दालनातून आणि विरुद्ध असलेले दुसऱ्या दालनातून चालत जातात आणि दाराशी उभे असलेले मोजणीदार डोकी मोजतात. त्या रात्री मोजणीदार परतले ते ३१७ विरुद्ध ३१७ हा आकडा घेऊन. समसमान मते पडली तरच अध्यक्षाला मत देता येते. बूथरॉइड यांचे सगळे आयुष्य मजूर पक्षात गेलेले, दुरुस्ती मजुरांच्या हक्कांची, पक्ष मजूर, आणि त्यांच्या एका शब्दावर जॉन मेजर यांचे सरकार अडचणीत येणार होते. त्यांनी मत दिले ते दुरुस्तीच्या विरुद्ध, म्हणजे सरकारच्या बाजूने.

यात त्यांचे मत काय होते हा प्रश्नच गैरलागू आहे. एकोणिसाव्या शतकात अध्यक्ष डेनिसन यांनी घालून दिलेला नियम असा की सभागृहाला जिथे बहुमत करता आले नाही, तिथे अध्यक्षाने आपल्या मताने बहुमत तयार करू नये. दुरुस्तीला बहुमत नाही, तर ती नामंजूर. नंतर लक्षात आले की मोजणीतच एका मताची चूक झाली होती आणि मते खरे तर समसमान नव्हतीच, दुरुस्ती एका मताने पडली होती. म्हणजे संसदेच्या इतिहासात गाजलेले ते निर्णायक मत द्यायची गरजच नव्हती! लगेच पुढच्या मतदानात सरकार ३२४ विरुद्ध ३१६ असे हरले आणि दुसऱ्या दिवशी मेजर यांना विश्वासदर्शक ठराव मांडून सावरावे लागले. पण बूथरॉइड यांनी काय केले ते सर्वांनी पाहिले होते.

१९९७ मध्ये शिन फेन या आयरिश पक्षाचे गेरी ॲडम्स आणि मार्टिन मॅकगिनस निवडून आले, पण त्यांनी राणीशी निष्ठेची शपथ घेण्यास नकार दिला. शपथ नाही तर सभागृहात बसता येत नाही, हे आधीपासून होतेच. बूथरॉइड यांनी पुढे जाऊन ठरवले की शपथ न घेणाऱ्याला कार्यालय, भत्ते आणि इतर सोयीही मिळणार नाहीत. हा निर्णय त्यांच्यानंतर, २००१ च्या डिसेंबरात, सभागृहाने फिरवला. माझ्या मते फिरवला तेच बरे झाले, कारण मतदारांनी निवडलेल्या प्रतिनिधीला टपाल हाताळायला खोलीही न देणे म्हणजे मतदारांनाच दंड करण्यासारखे होते. पण या निर्णयातून बूथरॉइड यांची वृत्ती दिसते. सभागृहाचे नियम पाळणाऱ्यालाच सभागृहाचे लाभ मिळतील, मग तो कोणीही असो.

ऑक्टोबर २०००मध्ये त्यांनी अध्यक्षपद आणि खासदारकी दोन्ही सोडली. खासदारकी सोडणे तिथे वाटते तितके सरळ नाही. १६२४ च्या एका ठरावानुसार कॉमन्सच्या सभासदाला राजीनामा देताच येत नाही. त्यावर तोड म्हणून त्याला चिल्टर्न हंड्रेड्स किंवा नॉर्थस्टेड या नावाचे, बिनकामाचे आणि बिनपगारी, राजाकडचे पद दिले जाते. राजाचा नोकर संसदेत बसू शकत नाही, म्हणून जागा आपोआप रिकामी होते. अशा युक्त्यांचे ब्रिटिशांना काहीच वाटत नाही.

निवृत्त अध्यक्षाला उमराव करणे हा जुना संकेत आहे. पूर्वी त्यांना वंशपरंपरागत पदवी मिळे, अलीकडे तहहयात मिळते. त्यासाठी राजसत्तेच्या मोहोरेचे सनदपत्र निघते आणि त्यात नावाबरोबर एखाद्या ठिकाणाचा उल्लेख असतो. वेस्ट ब्रॉमिच ज्या बरोमध्ये (नगरपालिकेच्या हद्दीत) येते तिचे नाव सँडवेल, म्हणून 'बूथरॉइड ऑफ सँडवेल'. याचा अर्थ सँडवेल त्यांची जहागीर झाली असा मुळीच नाही. तिथल्या एका वीटेवरही त्यांचा हक्क नव्हता. नव्या उमरावाला लाल झगा घालून, दोन उमरावांच्या मधून चालत सभागृहात यावे लागते, सनद मोठ्याने वाचली जाते, शपथ होते. गुडघे टेकणे आणि टोपी तीनदा उंचावणे हे प्रकार १९९८ मध्ये बंद झाले. त्याआधीची चित्रफीत पाहिली तर तो प्रसंग गंभीर मानावा की विनोदी, हे ठरवणे कठीण जाते. या सभासदांना पगार नसतो, हजेरीच्या दिवसांचा भत्ता मिळतो, आणि सार्वत्रिक निवडणुकीत त्यांना मतदान करता येत नाही.

उमराव सभेत सरकार आणि विरोधी पक्ष यांच्या बाकांना काटकोनात आडवी बाके आहेत. तिथे कोणत्याही पक्षाचे नसलेले सभासद बसतात. बूथरॉइड तिथे बसल्या. आठ वर्षे पक्ष सोडून राहिल्यावर पुन्हा मजूर पक्षाच्या बाकांवर जाणे म्हणजे आधीचा निःपक्षपणा उसना होता असे कबूल करण्यासारखे झाले असते. त्यांच्या आधीचे अध्यक्ष बर्नार्ड वेदरिल हेही तिथेच बसत. महायुद्धात हिंदी घोडदळात अधिकारी असलेले हे गृहस्थ घराण्याने शिंपी होते, आणि बंगालचा दुष्काळ पाहिल्यानंतर शाकाहारी झाले होते.

त्या सभागृहात बूथरॉइड यांना सर्वांत विचित्र काय वाटले असेल याचा मी विचार करतो, तेव्हा मला तिथला अध्यक्ष आठवतो. तो लोकर भरलेल्या एका मोठ्या लाल गादीवर बसतो, आणि त्याला कोणालाही गप्प करण्याचा अधिकार नाही. भाषण सुरू करताना सभासद अध्यक्षाला नव्हे, तर 'माय लॉर्ड्स' म्हणून सगळ्या सभागृहाला उद्देशून बोलतात. कोणी लांबण लावली तर इतर सभासद कुरकुरतात आणि तेवढ्यावर काम भागते. "वेळ संपली!" म्हणून ठणकावण्यासाठी प्रसिद्ध असलेली, लोकरीच्या गावची बाई अशा जागी आली जिथे लोकरीच्या गादीवरचा माणूस असे ठणकावूच शकत नाही.

आता त्या कोड्याकडे येऊ. उमराव सभेला अधिकार किती? १९११ आणि १९४९ च्या संसदीय कायद्यांनुसार ती कॉमन्सचे सर्वसाधारण विधेयक साधारण एक वर्ष रोखू शकते, त्याहून जास्त नाही, आणि अर्थविधेयक तर फक्त एक महिना. एखादे विधेयक अर्थविधेयक आहे की नाही, याचे प्रमाणपत्र कॉमन्सचा अध्यक्ष देतो. आपल्या राज्यघटनेने हीच कल्पना घेतली. लोकसभेचा अध्यक्ष प्रमाणपत्र देतो आणि राज्यसभेला १४ दिवस मिळतात. शिवाय १९४५ पासून असा संकेत आहे की जिंकलेल्या पक्षाच्या जाहीरनाम्यातले विधेयक उमराव सभेने मुळातून फेटाळू नये. थोडक्यात, उमराव दुरुस्त्या सुचवतात, प्रश्न विचारतात, उशीर करतात, आणि अखेर मागे हटतात. ते मागे का हटतात? कारण समोरचे निवडून आलेले आहेत आणि आपण नाही, हे त्यांना ठाऊक असते.

बूथरॉइड यांचा मुद्दा नेमका इथे आहे. उमराव सभाही निवडून आली तर तिने मागे का हटावे? दोन सभागृहांकडे जनतेचा कौल असेल, तर दोघांत पेच पडेल आणि हिरव्या बाकांचा शब्द अखेरचा राहणार नाही. म्हणजे त्या उमराव सभेची बाजू घेत होत्या ती उमरावांच्या प्रेमाने नव्हे, तर कॉमन्सच्या वर्चस्वासाठी. शिवाय निवडणूक म्हटली की पक्ष आले, आणि आडव्या बाकांवरचे डॉक्टर, वकील, शास्त्रज्ञ, निवृत्त सेनाधिकारी असे बिगरपक्षी लोक तिथून नाहीसे होतील, हीही भीती होती.

वेळोवेळी बदल होत होतेच. १९९९ च्या कायद्याने सहाशेहून अधिक वंशपरंपरागत उमरावांना बाहेर काढले, मात्र वेदरिल यांच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या तडजोडीने ९२ जणांना राहू दिले. २००७ मध्ये कॉमन्सने संपूर्ण निवडलेल्या सभागृहाच्या बाजूने ठराव केला, पण त्यातून कायदा झाला नाही. २०१२ मध्ये उपपंतप्रधान निक क्लेग यांनी ८० टक्के सभासद १५ वर्षांच्या एकाच मुदतीसाठी निवडण्याचे विधेयक आणले. दुसऱ्या वाचनात ते ४६२ विरुद्ध १२४ मतांनी पुढे गेले, पण सत्ताधारी हुजूर पक्षाचेच ९१ खासदार फुटल्याने सरकारने ते गुंडाळले. बूथरॉइड यांनी या विधेयकाला जाहीर विरोध केला होता.

मला त्यांचा युक्तिवाद तर्कशुद्ध वाटतो, पण पुरता पटत नाही. दोन निवडलेली सभागृहे म्हणजे कायमचा पेच, हे गृहीत धरणे अवघड आहे. आपल्या राज्यसभेचे बहुतेक सभासद आमदारांनी निवडलेले असतात, १२ नामनिर्देशित असतात, आणि पेच आलाच तर संयुक्त बैठकीची तरतूद आहे. दुसरे असे की निवडणुकीचा विरोध करताना नेमणुकीची बाजू घ्यावी लागते, आणि नेमणुकीवर पंतप्रधानाचा हात आहे. २००० पासून एक स्वतंत्र आयोग नावांची तपासणी करतो, पण किती जणांना नेमावे यावर कायद्याची मर्यादा नाही. म्हणून सभासदांची संख्या आठशेच्या आसपास फुगली. २०१७ मध्ये लॉर्ड बर्न्स यांच्या समितीने ती ६०० वर आणून नव्या सभासदांना १५ वर्षांची मुदत घालावी असे सुचवले, पण त्याला कायद्याचे बळ मिळाले नाही. विरोधकांच्या म्हणण्यात याच कारणाने जोर आहे. बूथरॉइड यांच्यासारखी माणसे तिथे आली हे खरे, पण कोण आले हे ठरवणारे कोण, हा प्रश्न त्यांच्या गुणवत्तेने सुटत नाही.

त्यांनी मात्र आपली जागा शोभेसाठी वापरली नाही. वादाच्या विधेयकांवर त्या बोलत राहिल्या, ब्रेक्झिटच्या काळात युरोपात राहण्याच्या बाजूने उभ्या राहिल्या, १९९४ ते २००६ मुक्त विद्यापीठाच्या कुलपती होत्या. २००५ मध्ये राणीने त्यांना 'ऑर्डर ऑफ मेरिट' दिली. एका वेळी २४ हून अधिक व्यक्तींना न दिला जाणारा आणि राजसत्ता स्वतःच्या निवडीने देते तो हा सन्मान आपल्याकडे डॉ. राधाकृष्णन आणि मदर तेरेसा यांना मिळाला होता. पंतप्रधानाच्या शिफारशीने मिळणाऱ्या उमरावीपेक्षा त्यांना याचे अप्रूप अधिक वाटले असल्यास नवल नाही.

२६ फेब्रुवारी २०२३ रोजी वयाच्या ९३ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. पदवी तहहयात असल्याने ती त्याच दिवशी संपली. २००० मध्ये त्यांनी कॉमन्स सोडल्यावर महिन्याभरात वेस्ट ब्रॉमिच वेस्टमध्ये पोटनिवडणूक झाली आणि त्यांच्या जागी दुसरा खासदार आला. उमराव सभेतल्या जागेसाठी पोटनिवडणूक नसते. त्यांची तिथली जागा कोणी भरली नाही, आणि पुढच्याच वर्षी झालेल्या मतदारसंघांच्या फेररचनेत वेस्ट ब्रॉमिच वेस्ट हे नावही नकाशावरून गेले.